लोपामुद्रा : नावाचा अर्थ, उगम आणि वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मुलींच्या जुन्या नावांबद्दल विचारणाऱ्यांत 'लोपामुद्रा' या नावाची चौकशी सतत असते. नाव कानाला आवडलेलं असतं, पण अर्थाशी येऊन गाडी अडते. आजी म्हणते अशुभ आहे, इंटरनेटवर प्रत्येक ठिकाणी वेगळाच अर्थ सापडतो, आणि बारसं तोंडावर आलेलं असतं. पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. एका उत्तराचा धागा दुसऱ्यात असेल तिथे क्रमांक दिला आहे.

1. लोपामुद्रा म्हणजे नक्की कोण?

अगस्त्य ऋषींची पत्नी, आणि स्वतःही ऋषिका. ऋग्वेदातल्या मंत्रांशी ज्या मोजक्या स्त्रियांची नावं जोडलेली आहेत (घोषा, अपाला, विश्ववारा, रोमशा वगैरे) त्यांत ती आहे. पुढे महाभारतात ती विदर्भाची राजकन्या म्हणून येते, दक्षिणेत कावेरी नदी होते आणि श्रीविद्येच्या, म्हणजे ललिता देवीच्या मंत्रोपासनेच्या, परंपरेत एका मंत्राची उपासिका होते. नाव एकच असलं तरी या तीन-चार वेगवेगळ्या काळांतल्या कथा आहेत. त्या एकमेकींत मिसळल्या की गोंधळ होतो, म्हणून खाली शक्य तितक्या वेगळ्या ठेवल्या आहेत.

2. नावाचा अर्थ काय? प्रत्येक ठिकाणी वेगळा दिलेला असतो.

कारण जुन्या ग्रंथांनी तो एकदाच, ठामपणे असा कुठे सांगितलेला नाही. ऋग्वेदात नाव फक्त येतं. महाभारतात 'ब्राह्मणांनी तिचं नाव लोपामुद्रा ठेवलं' एवढंच आहे. अर्थ मागाहून लावले गेले.

सर्वांत प्रचलित अर्थ कथेतून आला. अगस्त्यांनी निरनिराळ्या प्राण्यांचे उत्तम उत्तम अवयव घेऊन तिला घडवलं, त्यामुळे त्या प्राण्यांच्या 'मुद्रां'चा, म्हणजे खास खुणांचा लोप झाला, ती लोपामुद्रा. संस्कृत पंडितांनी दुसरी फोड केली आहे: 'लोपयति योषितां रूपाभिमानम्', इतर स्त्रियांचा रूपाचा अभिमान जिच्यापुढे लोपतो ती 'लोपा'. थोडक्यात, जिच्या रूपापुढे बाकी सगळ्यांची छाप फिकी पडते ती.

'ज्ञानी स्त्री', 'विदुषी', 'देवाची आवडती' असे अर्थ नावांच्या याद्यांत दिसतात. ते शब्दातून निघत नाहीत, त्या व्यक्तीच्या कीर्तीवरून चिकटवलेले आहेत. पत्रिकेवर किंवा बारशाच्या आमंत्रणावर अर्थ छापायचा असेल तर सरळ 'वैदिक ऋषिका, अगस्त्य ऋषींची पत्नी' असं छापा. माझ्या मते विशेषनामाचा खरा अर्थ ती व्यक्तीच असते. सीता म्हणजे नांगराची तास, पण नाव ठेवताना तासाचा विचार कोणी करत नाही.

3. 'लोप' म्हणजे नाहीसं होणं. मुलीला असं नाव देणं अशुभ नाही का? सासूबाई अडून बसल्यात.

मराठीत 'लोप पावणे' हे बहुधा प्रथा, कला, प्राणी यांच्याबद्दल वापरतात, त्यामुळे शंका येणं साहजिक आहे. पण दोन गोष्टी सासूबाईंना सांगता येतील. एक म्हणजे पाणिनीने 'लोप'ची व्याख्याच केली आहे: 'अदर्शनं लोपः'. लोप म्हणजे न दिसणं, नाश नव्हे. दुसरं म्हणजे या नावात लोप होतो तो इतरांच्या खुणांचा किंवा गर्वाचा (प्रश्न 2), मुलीचा नाही. 'मुद्रा' तर ठसा, शिक्का, ओळख. शिवरायांच्या राजमुद्रेवरही 'मुद्रा भद्राय राजते' असंच आहे.

एवढं करून सासूबाई ऐकल्या नाहीत तर प्रश्न 10 मधला ललितासहस्रनामाचा दाखला द्या. ज्या घरात सहस्रनाम म्हटलं जातं तिथे हे नाव दर पाठाला उच्चारलं जातंच.

4. ऋग्वेदात तिच्याबद्दल काय आहे?

पहिल्या मंडलातलं 179वं सूक्त. सहा ऋचांचं छोटंसं संवादसूक्त आहे. परंपरेनुसार पहिल्या दोन ऋचा लोपामुद्रेच्या, पुढच्या दोन अगस्त्यांच्या आणि शेवटच्या दोन हा संवाद कानी पडलेल्या शिष्याच्या. सूक्ताची देवता रती.

पहिल्या ऋचेत ती म्हणते: कित्येक शरद ऋतू मी रात्रंदिवस कष्टत आले, म्हातारपणाकडे नेणारी एकेक पहाट पाहत आले. जरा शरीराची शोभा हिरावून घेते. आता पुरुषांनी आपल्या बायकांजवळ यावं. दुसऱ्या ऋचेत ती जुन्या ऋषींचा दाखला देते: देवांशी सत्य बोलणारे ते थोर लोकही तपात थकले, त्यांनाही शेवट गाठता आला नाही.

अगस्त्य चिडत नाहीत. देव ज्याला सांभाळतात तो श्रम वाया जात नसतो, म्हणतात, आणि आपण दोघं जोडीनं धावलो तर ही शर्यत जिंकू. चौथ्या ऋचेत 'लोपामुद्रा' हे नाव प्रत्यक्ष येतं, सूक्तभरात तेवढं एकदाच. सहाव्या ऋचेत अगस्त्य कुदळ घेऊन खणताना दिसतात, त्यांना संतती हवी आहे आणि बळही. कवी म्हणतो, या उग्र ऋषीने दोन्ही 'वर्ण' पोसले. याचा अर्थ अनेकांनी तप आणि संसार असा लावला आहे, आणि सूक्ताचा एकूण रोख पाहता तो मला पटतो.

या सूक्तात विदर्भ नाही, राजवाडा नाही, अवयव जोडून घडवणं नाही. ते सगळं महाभारतातलं (प्रश्न 6).

5. म्हणजे हे सूक्त शृंगारिक आहे. मुलगी मोठी झाल्यावर तिला काय सांगायचं?

जे आहे तेच सांगा. लग्न झालेली, राबून थकलेली बाई नवऱ्याला म्हणते की तपश्चर्या आहे तशी मीही आहे, आणि आयुष्य चाललंय. त्यावर नवरा ऐकतो आणि मान्य करतो. इतक्या प्राचीन काव्यात बायकोच्या तोंडी हे आहे आणि ते मंत्र म्हणून जपून ठेवलं गेलं, यात लपवण्यासारखं काय? उलट नावाची सर्वांत भक्कम बाजू हीच आहे. सहा वर्षांच्या मुलीला अर्थातच प्रश्न 8 मधली गोष्ट सांगावी, तिच्यात राक्षस आहे.

6. ती खरंच आपल्या विदर्भाची का?

महाभारताच्या मते, होय. वनपर्वात लोमश ऋषी पांडवांना तीर्थयात्रेत ही कथा सांगतात. अगस्त्यांना आपले पितर एका खड्ड्यात उलटे लटकलेले दिसतात. तुला मूल झालं तर आमची सुटका, असं ते म्हणतात. आपल्याजोगी स्त्री कुठे दिसेना, तेव्हा अगस्त्यांनी ती मनाजोगी घडवली आणि अपत्यासाठी तप करणाऱ्या विदर्भाच्या राजाला मुलगी म्हणून दिली. पाण्यातल्या कमळवेलीसारखी, अग्नीच्या ज्वाळेसारखी ती वाढली, असं वर्णन आहे. महाभारतात तिला 'वैदर्भी' असंही म्हटलं आहे.

त्यामुळे दमयंती, रुक्मिणी आणि अज राजाची इंदुमती यांच्या रांगेत लोपामुद्राही विदर्भाची लेक. रुक्मिणीला कौंडिण्यपूर आहे, लोपामुद्रेचं असं गाव कथेत दिलेलं नाही. कोणी 'आमच्याच गावची' म्हणालं तर भांडू नका. अगस्त्यांचं स्थान मात्र महाराष्ट्रात प्रसिद्ध आहे: अहिल्यानगर जिल्ह्यात अकोले येथे प्रवरेकाठी अगस्ती आश्रम आहे.

7. त्यांनीच तिला घडवलं आणि मग त्यांनीच लग्न केलं, हे आम्हाला खटकतं. मग हे नाव ठेवावं का?

खटकणं योग्यच आहे, सारवासारव करत नाही. फक्त दोन बाबी ध्यानात घ्या. हा भाग नावापेक्षा नवा आहे. ऋग्वेदातली लोपामुद्रा कोणाची निर्मिती नाही, ती थेट बोलतच समोर येते. आणि महाभारतातही लग्नाचा निर्णय तिच्याच तोंडी आहे. अगस्त्यांनी मागणी घातल्यावर राजाला नाही म्हणवत नव्हतं नि द्यायचंही नव्हतं. राजाराणी गप्प बसले, तेव्हा तीच पुढे होऊन म्हणाली: माझ्यामुळे तुम्ही कष्टी होऊ नका, मला त्यांना द्या आणि स्वतःला वाचवा. शापाच्या भीतीपोटी घेतलेला निर्णय आहे हा, प्रेमविवाह नव्हे. एवढं पटत नसेल तर दुसरं नाव शोधा, मैत्रेयी आहे, गार्गी आहे.

8. 'दागिने मागणारी बायको' अशी तिची गोष्ट ऐकली होती. ती काय आहे?

गोष्ट अर्धीच सांगितली जाते म्हणून असं वाटतं.

लग्नानंतर अगस्त्यांनी पहिली आज्ञा केली ती उंची वस्त्रं आणि दागिने टाकण्याची. तिने टाकले, वल्कलं आणि मृगाजिन घेतलं, गंगाद्वारी त्यांच्याबरोबर कडक तप केलं. बऱ्याच काळाने अगस्त्यांना मूल हवं म्हणून त्यांनी तिला जवळ बोलावलं, तेव्हा ती हात जोडून म्हणाली: माझ्या बापाच्या वाड्यात होता तसा पलंग हवा, तुम्हीही माळा-अलंकार घालून यावं, मीही सजेन. या जीर्ण काषाय वस्त्रांत नाही. अगस्त्य म्हणाले, तुझ्या बापाइतकं धन माझ्याकडे कुठलं? ती म्हणाली, तपोबळावर तुम्ही क्षणात आणाल. ते म्हणाले, तप खर्ची पडेल. तेव्हा तिनेही हट्ट अर्ध्यावर आणला: तुमचा धर्म बुडावा असं मला वाटत नाही, पण दुसऱ्या कोणत्या मार्गाने मी येणारही नाही.

मग अगस्त्य धन मागायला निघाले आणि इथे कथेतला माझा सर्वांत आवडता तपशील येतो. ते श्रुतर्वा राजाकडे गेले आणि म्हणाले, दुसऱ्या कोणाला त्रास न होता देता येईल तेवढंच दे. राजाने राज्याचा सगळा जमाखर्च पुढे ठेवला. आय आणि व्यय सारखेच. इथून काही घेतलं तर प्रजेच्या तोंडचा घास जाईल, म्हणून अगस्त्य तसेच उठले. ब्रध्नश्वाकडेही तेच. त्रसदस्यूकडेही तेच. अखेर तिन्ही राजांना घेऊन ते इल्वल दैत्याकडे गेले. त्याचा भाऊ वातापी बोकड व्हायचा, इल्वल त्याला रांधून ब्राह्मणांना वाढायचा आणि मग हाक मारून पोट फाडून बाहेर काढायचा. अगस्त्यांनी तो जेवणात संपवला. इल्वल हाका मारत राहिला; वातापी केव्हाच पचला होता. इल्वलाने निमूटपणे धन दिलं.

धन घेऊन परतल्यावर अगस्त्यांनी विचारलं: हजार मुलं हवीत, की दहा-दहांच्या तोडीची शंभर, की शंभर-शंभरांच्या तोडीची दहा, की हजारांना भारी पडेल असा एकच? ती म्हणाली, एकच पुरे, विद्वान आणि सज्जन. तो दृढस्यु. लहानपणीच समिधांचे भारे वाहायचा म्हणून त्याला इध्मवाह असंही नाव पडलं.

तर दागिने तिने मागितले, हे खरं. पण आधी स्वतःचे उतरवून, वर्षानुवर्षं तप करून मग मागितले.

9. लोपामुद्रा आणि कावेरी नदी एकच का?

कर्नाटकातल्या कोडगूच्या परंपरेत, हो. तिथल्या कथेत ती ब्रह्मदेवाची मुलगी, कवेर मुनींकडे वाढली म्हणून कावेरी. मला कधी एकटीला सोडून जायचं नाही, या अटीवर तिने अगस्त्यांशी लग्न केलं. एकदा ते तिला कमंडलूत ठेवून स्नानाला गेले, अट मोडली, ती वाहून निघाली. ब्रह्मगिरीवर तलकावेरीला तिचा उगम मानतात आणि ऑक्टोबरमध्ये तूळ संक्रांतीला तिथे मोठी गर्दी होते. विदर्भाच्या कथेशी हे जुळवत बसू नका. धाकटीचं नाव कावेरी ठेवायचा विचार असेल तर मात्र दोन मुलींना एकच नाव दिल्यासारखं होईल, एवढं लक्षात घ्या.

10. ललितासहस्रनामात हे नाव येतं का?

येतं. 'लोपामुद्रार्चिता लीलाकॢप्तब्रह्माण्डमण्डला'. लोपामुद्रेने जिची अर्चना केली ती देवी. हे सहस्रनाम हयग्रीव (विष्णूचा अवतार) अगस्त्यांना सांगतात, पण नावांच्या मालिकेत उपासिका म्हणून पत्नी आहे. श्रीविद्येच्या मंत्राचे 'कादि' ('क'ने सुरू होणारा) आणि 'हादि' ('ह'ने सुरू होणारा) असे दोन प्रसिद्ध पाठ आहेत. कादि कामदेवाशी जोडतात आणि हादि लोपामुद्रेशी.

11. आणखी कुठे कुठे उल्लेख आहे?

अमरकोश हा संस्कृत शब्दकोश पाठ करणाऱ्या पिढीला हे नाव लहानपणीच भेटायचं: 'मैत्रावरुणिरस्यैव लोपामुद्रा सधर्मिणी' (मैत्रावरुणि म्हणजे अगस्त्य, लोपामुद्रा त्याचीच पत्नी). बाराव्या शतकातल्या हेमचंद्राच्या कोशात तिची आणखी दोन नावं आहेत, कौषीतकी आणि वरप्रदा. 'वरप्रदा' हे स्वतंत्र नाव म्हणूनही सुरेख आहे, कोणी ठेवत कसं नाही कळत नाही. रामायणाच्या सुंदरकांडात अशोकवनातली सीता राक्षसींना निष्ठावंत पत्नींची नावं ऐकवते, त्यांत 'लोपामुद्रा यथागस्त्यम्' आहे.

संस्कृत नाटककार भवभूतीचा उल्लेख वेगळा काढतो, कारण तो स्वतः विदर्भातल्या पद्मपूरचा. 'उत्तररामचरिता'च्या तिसऱ्या अंकाच्या सुरुवातीला मुरला नावाची नदी लगबगीने गोदावरीकडे निघालेली असते. निरोप लोपामुद्रेचा असतो: सीतात्यागानंतर राम आतल्या आत जळतो आहे, पुन्हा पंचवटी पाहून तो मूर्च्छित होईल, तर तू सावध राहा, आणि दर मूर्च्छेला तुझ्या लाटांवरचा तुषारांनी गारावलेला वारा हळूहळू त्याच्यावर सोड. लोपामुद्रा रंगमंचावर येत नाही, निरोप तेवढा येतो. म्हातारी, सगळ्यांचं बघणारी घरची बाई इथे दिसते. ऋग्वेदातल्या त्या थेट बोलणाऱ्या बाईनंतर हे वाचावं.

12. हे बंगाली नाव आहे ना?

नाव संस्कृत आहे. बंगाल आणि ओडिशात ते ठेवण्याची चाल आपल्यापेक्षा जास्त, म्हणून तसं वाटतं. गायिका लोपामुद्रा मित्र बंगाली; मॉडेल आणि अभिनेत्री लोपामुद्रा राऊत मात्र नागपूरची.

13. लोपमुद्रा की लोपामुद्रा? इंग्रजीत कसं लिहायचं?

लोपामुद्रा. 'पा'ला काना, 'मु' ऱ्हस्व. 'लोपमुद्रा' हे खूप ठिकाणी छापलेलं दिसतं, ते चूक. इंग्रजीत नऊ अक्षरं: एल, ओ, पी, ए, एम, यू, डी, आर, ए. शेवटी दोन 'ए' किंवा मध्ये 'डीएच' घालू नका. एकदा आधार, शाळा आणि पासपोर्टवर तीन स्पेलिंगं झाली की निस्तरता निस्तरत नाहीत.

14. नाव लांब आहे. घरात काय हाक मारायची?

लोपा, मुद्रा, लोपू. 'मुद्रा' सर्वांत सुटसुटीत. 'लोपा' छान आहे, पण एकटं लिहिलं तर तैत्तिरीय संहितेतल्या अश्वमेधाच्या यादीत त्या नावाचा एक पक्षी आहे, हे एखादे वेदपाठी आजोबा सांगतीलच. कागदोपत्री पूर्ण नावच ठेवा.

15. रास कोणती येते?

'लो' हे भरणी नक्षत्राच्या चौथ्या चरणाचं अक्षर, म्हणजे मेष रास. जन्माक्षर वेगळं आलं असेल तर पाळण्यातलं नाव त्या अक्षरावरून ठेवून व्यवहारात लोपामुद्रा ठेवता येतं. बहुतेक घरांत तसंच करतात.

16. मोठ्या मुलाचं नाव अगस्त्य आहे. धाकटीचं लोपामुद्रा ठेवलं तर जोडी जमते ना?

नको! ती नवरा-बायकोची जोडी आहे (प्रश्न 1). ज्यांना माहीत नाही ते काही बोलणार नाहीत, ज्यांना माहीत आहे ते आयुष्यभर बोलतील. अगस्त्य हे नाव सध्या फार चाललंय, म्हणून हा प्रश्न वाटतो त्याहून जास्त वेळा येतो. अगस्त्यच्या बहिणीसाठी घोषा, अपाला, विश्ववारा यांपैकी एखादं पाहा. उलटपक्षी मोठी लोपामुद्रा असेल तर धाकट्याचं नाव दृढस्युही नको, तो तिचा मुलगा (प्रश्न 8).

17. जन्मदाखल्यावर नाव आत्ताच टाकावं लागेल का? अजून ठरत नाहीये.

जन्माची नोंद 21 दिवसांत करायची असते, ती बाळाच्या नावाशिवायही होते. नाव नंतर घालता येतं: नोंदणीपासून 12 महिन्यांपर्यंत शुल्क नाही, त्यापुढे 15 वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून. तेव्हा सासूबाईंशी वाद मिटेपर्यंत सवड आहे. दाखला हातात पडताच तिथल्या तिथे 'पा'चा काना तपासा (प्रश्न 13). चूक राहिली असेल तर त्याच निबंधकाकडे पुरावे देऊन दुरुस्तीचा अर्ज करता येतो.

18. भाचीचं नाव लोपामुद्रा, लग्न ठरलंय. मंगलाष्टक रचायला बसलो तर नाव कुठेच बसत नाही. काय करू?

तुमचं चुकत नाहीये. 'मु'पुढे 'द्रा' हे जोडाक्षर असल्याने तो 'मु' गुरू (दोन मात्रांचा) होतो आणि नावाची चारही अक्षरं गुरू ठरतात: गा गा गा गा. मंगलाष्टकं सहसा शार्दूलविक्रीडितात असतात आणि त्या वृत्तात सलग चार गुरू कुठेच येत नाहीत, तीनवर गाडी थांबते. एक तर 'लोपा' किंवा 'मुद्रा' एवढंच घ्या. नाहीतर वृत्त बदला. मंदाक्रांतेची सुरुवातच चार गुरूंनी होते आणि तिथेच यती, म्हणजे थांबा, येतो, जणू याच नावासाठी जागा ठेवली आहे:

लोपामुद्रा हळुच हसुनी माळ घाली वराला

शालिनी आणि स्रग्धरा यांतही ओळीच्या आरंभी नाव बसतं. 'कुर्यात् सदा मंगलम्' ही शेवटची ओळ मात्र शार्दूलविक्रीडिताच्या चालीची आहे, ती मंदाक्रांतेला तशीच जोडलीत तर म्हणताना अडखळाल. कडव्याचा शेवट वेगळा करा आणि तो कसा आहे हे गुरुजींना आदल्या दिवशीच सांगून ठेवा, नाहीतर अक्षता भलत्याच ठिकाणी पडतील.